वीस वर्षं उशिरा पोहोचलेलं गाणं

स्मरणिकेसाठी लेख दे, असा समितीचा निरोप आला. विषय मनाप्रमाणे निवड, फक्त दोन हजार शब्दांच्या फार वर जाऊ नकोस, एवढीच अट होती. शाळेच्या आठवणी तुमच्यापैकी अनेक जण माझ्यापेक्षा रंगवून लिहितील, याबद्दल मला शंका नाही. म्हणून मी इतिहासाकडे वळले. हा इतिहास राजेरजवाड्यांचा नाही, कलकत्त्याच्या सात तरुणांनी १९७५ च्या सुमारास काढलेल्या एका रॉक बँडचा आहे.

आता तुम्ही म्हणाल, ही दिवसभर कोड लिहिणारी बाई, हिचा आणि बंगाली बँडचा काय संबंध? संबंध २००६ साली आला. 'गँगस्टर' नावाचा हिंदी चित्रपट आला होता आणि त्यातलं 'भीगी भीगी' हे गाणं ऑफिसच्या बसमध्ये, कॅन्टीनमध्ये, सगळीकडे वाजत होतं. आमच्या टीममधला एक बंगाली सहकारी ते ऐकून हसायचा. शेवटी म्हणाला, 'हे गाणं नवीन नाही, आमच्याकडे फार आधीपासून आहे.' तेव्हापासून जमेल तसं वाचत गेले, ऐकत गेले. जे सापडलं ते तुम्हाला सांगावंसं वाटतं, कारण ती गोष्ट अपयशाची म्हणावी की यशाची, हे माझं अजून पक्कं ठरत नाही.

इतिहासाच्या बाईंनी उत्तर लिहायची एक पद्धत आपल्याला घालून दिली होती. आधी पार्श्वभूमी, मग घटना, मग कारणं, शेवटी परिणाम. तीच पद्धत इथे वापरते. बाई हे वाचत असतील तर लाल पेन हाताशी ठेवावं.

पार्श्वभूमी

साठच्या दशकातला कलकत्त्याचा पार्क स्ट्रीट म्हणजे ट्रिंकाज, मोकॅम्बो, ब्लू फॉक्स अशा हॉटेलांचा रस्ता. तिथे रोज संध्याकाळी वाद्यवृंद वाजत. जॅझ वाजे, बीटल्सची गाणी वाजत. वादकांत अँग्लो-इंडियन मंडळी बरीच होती. भाषा इंग्रजी आणि गाणी दुसऱ्यांची. मूळ तबकडीसारखं हुबेहूब वाजवता आलं की शाबासकी मिळे. गौतम चट्टोपाध्याय हा प्रेसिडेन्सी कॉलेजात शरीरक्रियाशास्त्र शिकणारा मुलगा अशाच एका वाद्यवृंदात वाजवत असे.

१९६७ साली उत्तर बंगालमध्ये नक्षलबारीचा उठाव झाला आणि पुढच्या दोन-तीन वर्षांत त्याचे पडसाद कलकत्त्याच्या कॉलेजांमध्ये उमटले. प्रेसिडेन्सीची कितीतरी हुशार मुलं त्यात ओढली गेली. गौतमही गेले. त्यांना अटक झाली, सुमारे दीड वर्ष तुरुंगात काढावं लागलं. बाहेर आल्यावर बंगालमध्ये राहायचं नाही अशी परिस्थिती होती, म्हणून त्यांनी जबलपूर आणि भोपाळकडे औषध कंपनीचा प्रतिनिधी म्हणून नोकरी केली. हातात बॅग घेऊन डॉक्टरांच्या दारात बसायचं, हे काम ज्यांनी केलंय त्यांना ते दिवस कसे असतील हे सांगायला नको.

सत्तरच्या दशकाच्या मध्यावर गौतम कलकत्त्याला परतले, तेव्हा शहर थकलेलं होतं. चळवळ मोडून पडली होती, ओळखीची मुलं मारली गेली होती किंवा गप्प झाली होती. देशात आणीबाणी होती. रोज तासन्‌तास वीज जात होती. या अंधारात दक्षिण कलकत्त्यातल्या नाकतला भागात, चट्टोपाध्यायांच्या घरी, काही तरुण वाद्यं घेऊन जमू लागले.

घटना

ते सात जण होते. गौतम, त्यांचे भाऊ प्रदीप आणि विश्वनाथ, चुलत-मावस नात्यातले रंजन घोषाल, आणि तापस दास, तपेश बंद्योपाध्याय, अब्राहम मजुमदार हे मित्र. म्हणजे अर्धा बँड घरातला आणि अर्धा अड्ड्यावरचा. बंगाल्यांचा अड्डा म्हणजे आपला कट्टाच.

नावावरून त्यांनी पुष्कळ घोळ घातला. आधी 'सप्तर्षी', मग 'तीरंदाज'. मग कुणाच्या तरी डोक्यातून 'गौतम चट्टोपाध्याय बी.एस्सी. आणि संप्रदाय' असं लग्नाच्या बँडला शोभणारं नाव निघालं. शेवटी रंजन घोषाल यांनी सुचवलेलं नाव टिकलं: 'मोहीनेर घोडागुलि', म्हणजे महीनचे घोडे. जीवनानंद दास यांच्या 'घोडा' या कवितेतून ते घेतलं होतं. जीवनानंद म्हणजे रवींद्रनाथांनंतरचे बंगालीतले फार मोठे कवी. १९५४ साली ट्रामच्या अपघातात ते गेले आणि त्यांच्या कथा-कादंबऱ्यांची हस्तलिखितं मागाहून ट्रंकांमध्ये सापडली. हयातीत न मिळालेलं मोठेपण त्यांना मृत्यूनंतर मिळालं. बँडने नाव घेताना एवढा विचार केला नसेल, पण ते नाव त्यांच्या नशिबाशी जुळलं खरं.

गाणी सर्वस्वी नवी होती. गिटार, ड्रम्स आणि सॅक्सोफोनबरोबर बासरी, व्हायोलिन, पियानो. चाली कधी बाउल फकिरांच्या वळणाच्या, कधी अमेरिकी लोकगीतांच्या. आणि भाषा बंगाली, रस्त्यावर बोलली जाणारी. विषय म्हणजे शहर, बेकारी, घर सोडून गेलेली माणसं, विमान, टेलिफोन. प्रियकर-प्रेयसी, चंद्र आणि विरह यांवर पोसलेल्या त्या काळच्या बंगाली भावगीताला हा पाहुणा अनोळखी होता.

१९७७ साली पहिली छोटी तबकडी निघाली: 'संविग्न पाखिकूल ओ कलकाता विषयक', म्हणजे 'अस्वस्थ पक्षी आणि कलकत्त्याविषयी'. १९७८ साली दुसरी, तिचं नाव 'अजाना उडंत वस्तु वा अ-उ-ब'. यू.एफ.ओ.चं बंगाली भाषांतर करून त्याचीही आद्याक्षरं घेतली होती. १९७९ साली तिसरी, 'दृश्यमान मोहीनेर घोडागुलि'. तिन्ही मिळून गाणी हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच. कार्यक्रम झाले, रवींद्र सदनासारख्या प्रतिष्ठित सभागृहातही झाले. काही तरुणांना ते मनापासून आवडले. पण तबकड्या खपल्या नाहीत, बोलावणी वाढली नाहीत, आणि १९८१ च्या सुमारास बँड थांबला.

कोणी भांडलं नाही, कोणी कोणाला फसवलं नाही. नोकऱ्या लागल्या, लग्नं झाली, बदल्या झाल्या. विश्वनाथ अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोला गेले, रंजन बंगळुरूला स्थायिक झाले, अब्राहम कलकत्त्यात पाश्चात्त्य संगीत शिकवू लागले. आपल्या वर्गाचं दहावीनंतर जे झालं, तेच.

कारणं

'मोहीनेर घोडागुलि काळाच्या पुढे होते' असं सगळीकडे वाचायला मिळतं. मला हे कारण पटत नाही. आमच्या क्षेत्रात एखादं सॉफ्टवेअर चाललं नाही की 'लोकांना समजलंच नाही' असं म्हणायची पद्धत आहे. मग नीट शोध घेतला की कळतं, वस्तू ठीक होती, ती पोहोचवणारी साखळीच कुठेतरी तुटलेली होती. इथेही मला तसंच दिसतं.

पहिली कडी म्हणजे तबकडी. त्या काळात गाणं रेकॉर्ड करायचं म्हणजे स्टुडिओचे तास भाड्याने घ्यायचे, सगळ्यांनी एकत्र उभं राहून वाजवायचं, आणि एकाचं चुकलं की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. त्यानंतर कारखान्यात तबकडी छापून घ्यायची. बंगालमध्ये या धंद्यावर ग्रामोफोन कंपनीचं, म्हणजे एच.एम.व्ही.चं वर्चस्व होतं. दमदमला तिचा मोठा कारखाना होता. विक्रीचा हंगामही ठरलेला, दुर्गापूजेचा. आपल्याकडे दिवाळी अंक, तशी तिकडे पूजेची गाणी. हेमंत कुमार, मन्ना डे यांच्यासारख्या मोठ्या गायकांच्या नव्या तबकड्यांची लोक वर्षभर वाट बघत. दुकानातल्या त्या फळीवर छोट्या कंपनीकडून आलेल्या अनोळखी पोरांच्या तबकडीला कितीशी जागा मिळणार?

दुसरी कडी म्हणजे कानावर पडणं. रेडिओ एकच, सरकारी. कलकत्त्याला दूरदर्शन १९७५ साली सुरू झालं, तेही मोजक्या घरांत. गाणं दहा वेळा कानावर पडल्याशिवाय आवडत नाही, हे आपण सगळे जाणतो. यांचं गाणं दुसऱ्यांदा ऐकायचं तर तबकडी विकत घ्यावी लागे, आणि ती वाजवायला घरात रेकॉर्ड प्लेअर असावा लागे. ज्या मुलांसाठी ही गाणी होती, त्यांच्या खिशात या दोन्हींपुरते पैसे नव्हते.

तिसरी कडी म्हणजे मंच. पार्क स्ट्रीटला इंग्रजी गाणी हवी होती, बंगाली नको. पूजेच्या मंडपांना हिंदी सिनेमाची गाणी हवी होती. सभागृहात यायचा तो रवींद्रसंगीत ऐकणारा सुसंस्कृत श्रोता, आणि त्याच्या दृष्टीने ड्रम्स म्हणजे गोंगाट. यांची गाणी ज्या भाषेत होती त्या भाषेला त्यांची वाद्यं चालत नव्हती आणि जिथे वाद्यं चालत तिथे भाषा चालत नव्हती. शहरातली हवाही तशीच होती. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला तर पाश्चात्त्य वळणाचं गाणं म्हणजे 'अपसंस्कृती' असा शिक्काच मारला जाई. आपल्या मुंबईत वाढलेल्या आणि कलकत्त्यात नाव कमावलेल्या उषा उथुप यांना एका मंत्र्यांच्या विरोधामुळे सरकारी सभागृहं बंद झाली होती. त्यांना न्यायालयात जावं लागलं, आणि त्या जिंकल्या. उषाताईंकडे तोवर नाव होतं, रोजगार होता. नव्या बँडकडे काय होतं?

चौथी आणि सगळ्यात साधी कडी म्हणजे महिन्याची एक तारीख. सात माणसांचा बँड म्हणजे सात घरं. एका कार्यक्रमाचे पैसे सातांत वाटले की उरतं काय? गायक एकटा असेल तर तो शिकवण्या करून, कमी खर्चात राहून दहा वर्षं तग धरू शकतो. बँडमधल्या एकाला जरी बदली आली की सराव बंद. आपल्या शाळेच्या नाटकाच्या तालमी आठवा. एक जण क्लासला गेला की सगळी तालीम रद्द व्हायची. हे तर पोटापाण्याचं होतं.

यातली एकही कडी त्या सातांच्या हातात नव्हती. त्यांच्या हातात होतं ते त्यांनी केलं. स्वतःची गाणी लिहिली, स्वतःच्या भाषेत लिहिली, आणि ती तबकडीवर उतरवून ठेवली. हे शेवटचं फार महत्त्वाचं ठरलं, ते पुढे कळेल.

मधली वर्षं

गौतम संगीतापासून दूर गेले नाहीत, पण त्यांनी वाट बदलली. ते चित्रपटांकडे वळले. त्यांच्या 'नागमती' या बंगाली चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. बाउल गायकांमध्ये मिसळणं, लोकगीतं ऐकणं चालूच राहिलं. घर तरुण मुलांना उघडं होतं. ही मुलं त्यांना 'मणिदा' म्हणत. हातात गिटार असलेला, स्वतःचं काहीतरी लिहू बघणारा मुलगा आला की मणिदा ऐकून घेत, असं त्यांच्याबद्दल आजही सांगितलं जातं.

दरम्यान, तुटलेल्या कड्या बाहेर आपोआप जुळत होत्या. कॅसेट आली. आपल्या पिढीला कॅसेटचं वेगळं कौतुक सांगायला नको. पेन्सिलीने रीळ गुंडाळलेलं प्रत्येकाला आठवत असेल. कॅसेट स्वस्त होती आणि घरच्या घरी तिची नक्कल होत होती, म्हणजे एकाने घेतली की दहा जण ऐकत. १९९२ साली सुमन चट्टोपाध्याय यांची 'तोमाके चाई' ही कॅसेट आली. एक माणूस, एक गिटार, रोजच्या जगण्याविषयी बंगाली गाणी. ती तुफान चालली. पंधरा वर्षांपूर्वी ज्या श्रोत्याला हे परकं वाटलं होतं, त्याची मुलं आता कॉलेजात होती आणि त्यांना हेच हवं होतं.

पुन्हा, वीस वर्षांनी

१९९५ साली, आपण नववीत असताना, कलकत्त्याच्या पुस्तक मेळ्यात एक कॅसेट आली. 'आबार बछर कुडि परे', म्हणजे 'पुन्हा वीस वर्षांनी'. हे शब्दही जीवनानंदांच्याच कवितेतले. वीस वर्षांनी कोणाची तरी पुन्हा गाठ पडली तर, अशी त्या कवितेची कल्पना आहे. १९७५ ते १९९५, बरोबर वीस वर्षं.

या कॅसेटमधली एक गोष्ट मला सगळ्यात जास्त आवडते. गौतम यांना जुन्या मित्रांना गोळा करून 'आम्ही परत आलो' म्हणता आलं असतं. त्यांनी तसं केलं नाही. कॅसेटवर लिहिलं होतं: 'मोहीनेर घोडागुलि संपादित'. मासिकाचा संपादक जसा नव्या लेखकांना जागा देतो, तशी त्यांनी नव्या मुलांना आपल्या बँडच्या नावाखाली जागा दिली. काही गाणी जुनी, काही नवी, आणि गाणारी बरीचशी मुलं विशी-पंचविशीतली. सॉफ्टवेअरवाले याला ओपन सोर्स म्हणतील. नाव आमचं, पाया आमचा, पुढचं तुम्ही बांधा. १९९६ ला 'झरा समयेर गान', १९९७ ला 'माया' आणि मग 'ख्यापार गान' अशा आणखी कॅसेट याच पद्धतीने आल्या. घोडे पुन्हा धावू लागले, पण स्वार बदलले होते.

गौतम यांना हे यश फार काळ बघता आलं नाही. जून १९९९ मध्ये हृदयविकाराच्या झटक्याने ते गेले. वय पन्नाशीच्या आसपास, म्हणजे आज आपण आहोत त्याच्या थोडंसंच पुढे.

परिणाम

त्या काही वर्षांत बंगालीत बँडची लाट आली. चंद्रबिंदू, कॅक्टस, फॉसिल्स, भूमी ही नावं आज कुठल्याही बंगाली माणसाला विचारा. गौतम यांचा मुलगा गौरव 'लक्ष्मीछाडा' या बँडमध्ये ड्रम्स वाजवू लागला. बंगाली भाषेतला पहिला रॉक बँड कोणता, या प्रश्नाला आता 'मोहीनेर घोडागुलि' हेच उत्तर दिलं जातं.

आता 'भीगी भीगी'. संगीतकार प्रीतम हे गौतम यांच्याच प्रेसिडेन्सी कॉलेजचे. तिथे तेही एका बँडमध्ये होते. पुढे ते ध्वनिमुद्रण शिकायला आपल्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आले आणि मग मुंबईत काम करू लागले. १९९५ च्या त्या कॅसेटमधलं 'पृथिवीटा नाकि' हे गाणं २००६ साली हिंदी शब्द घेऊन 'गँगस्टर'मध्ये आलं. गायलं बांगलादेशचे रॉक गायक जेम्स यांनी. ज्या बँडला एके काळी एका शहरात श्रोते मिळणं अवघड होतं, त्याच्या नावाखाली आलेलं गाणं कलकत्ता, ढाका, पुणे आणि मुंबई अशी मजल मारत आमच्या ऑफिसच्या बसमध्ये येऊन पोहोचलं.

इथे थांबले तर गोष्ट गोड होईल, पण ती पुरती खरी होणार नाही. मूळ सातांपैकी तापस दास, म्हणजे सगळ्यांचे बापीदा, शेवटपर्यंत नव्या मुलांबरोबर गात राहिले. त्यांना फुफ्फुसाचा कर्करोग झाला आणि उपचाराचा खर्च झेपेना. तेव्हा कलकत्त्यातल्या आणि बांगलादेशातल्या कलावंतांनी मदतीसाठी कार्यक्रम केले. राज्य सरकारनेही उपचारांचा भार उचलला. जून २०२३ मध्ये ते गेले. ज्यांची गाणी दोन देशांतली कॉलेजं पाठ म्हणतात, त्या माणसाच्या औषधपाण्यासाठी वर्गणी काढावी लागली. उशिरा आलेली कीर्ती मागचं भाडं भरत नाही. दुसरी बाजूही तितकीच खरी. ती वर्गणी काढायला धावली ती त्यांची गाणी ऐकून वाढलेली मुलंच होती.

बाई, 'मूल्यमापन करा' असा प्रश्न आला असता तर मी एवढंच लिहिलं असतं. १९८१ साली कोणी हिशेब मांडला असता तर या बँडच्या नावापुढे फुली पडली असती. हिशेब चुकीचा नव्हता, फक्त लवकर मांडला होता. त्यांचं गाणं टिकलं ते दोन गोष्टींमुळे. एक, ते त्यांनी स्वतःच्या भाषेत आणि स्वतःच्या नावाने करून, नोंदवून ठेवलं होतं. दोन, वीस वर्षांनी जेव्हा दार उघडलं, तेव्हा त्यांनी स्वतः आत शिरण्याआधी धाकट्यांना आत घेतलं.

मित्रमैत्रिणींनो, या मेळाव्याच्या संध्याकाळी आपण सगळे मंचावर जाऊन जुनी गाणी म्हणणार आहोत, ते म्हणूच. समितीला माझी एक विनंती आहे. आपल्या कार्यक्रमातला अर्धा तास शाळेत आज शिकणाऱ्या मुलामुलींसाठी राखून ठेवावा. त्यांनी स्वतः लिहिलेलं, स्वतः चाल लावलेलं काहीतरी, कसंही असो, त्यांनी गावं. सिनेमातलं नको. आपण पुढच्या रांगेत बसून ऐकू, आणि कोणीतरी ते नीट रेकॉर्ड करून ठेवू. ती जबाबदारी माझी. वीस वर्षांनी त्याचं काय होईल, हे आज कोणालाच सांगता येणार नाही.